पदरचं

मंगळवार आणि शुक्रवार, दहा ते बारा.
पहिला तास अंघोळ, गोळ्या, पायाला मलम,
दुसरा तास आत्मचरित्र.
कौन्सिलच्या तक्त्यावर त्यापुढे मी
‘सोबत’ एवढंच लिहायचे.

हिल्डा ड्रूरी, वय एक्क्याण्णव,
मुक्काम ग्रिम्सबी, गोदीपासून तिसरी गल्ली.
आधीची तीन पुस्तकं तिने आपल्या हाताने लिहिली,
चौथ्याला डोळे पुरेनात.
ती खुर्चीतून बोलायची, मी टाइप करायचे
आणि हॅडकचं स्पेलिंग दर वेळी चुकवायचे.

बापाचा ट्रॉलर आइसलंडकडे गेला तो आलाच नाही,
हे तिने मला सहा वेळा सांगितलं.
एकदा त्या सकाळी धुकं होतं, एकदा लख्ख ऊन.
नक्की काय लिहू? मी विचारलं.
दोन्ही लिही, म्हणाली, बघू मागाहून.
मग जरा थांबून: धुकं खोड. धुकं सगळेच घालतात.

आमच्यात याला पदरचं घालणं म्हणतात, मी म्हटलं.
पदर म्हणजे काय ते सांगण्यात
उरलेली पंचवीस मिनिटं गेली.
तिने कार्डिगनचं टोक चिमटीत धरून पाहिलं.
यात फार मावायचं नाही, म्हणाली.

फेब्रुवारीत आईचं प्रकरण आलं.
आई माशांना धुरी द्यायच्या कारखान्यात होती,
पहाटे पाचला जायची, उभ्याने मासे चिरायची,
संध्याकाळी यायची आणि
आणि इथे हिल्डाची मान कलली.
हीटर टिकटिकत होता.
अर्ध्या वाक्यापुढे कर्सर लुकलुकत होता.
मी, काहीही न ठरवता, पुढे लिहिलं:

आणि पालथ्या हाताने आमच्या गालाला शिवायची,
कारण तळव्यांचा वास साबणाने जात नसे.

तो वास माशांचा नव्हता.
निपाणीच्या तंबाखूचा होता.
दिवसाला हजार विड्या वळणाऱ्या बाईचा हात
मी ग्रिम्सबीच्या बाईला लावून दिला.

शुक्रवारी मजकूर वाचून दाखवला.
त्या ओळीवरून जरा भरभर गेले.
ती बराच वेळ गप्प.
मग म्हणाली, अगदी. अगदी असंच. विसरलेच होते मी.
आणि स्वतःचा हात उलटा करून
शिरांकडे बघत राहिली.

तेव्हाच सांगायला हवं होतं.
मी चहा ठेवायला उठले.

लाउथच्या एका छापखान्याने तीनशे प्रती काढल्या.
लिंकनहून धाकट्या बहिणीचा, मर्लचा, फोन आला.
हिल्डाला ऐकू कमी, म्हणून फोन कायम स्पीकरवर.
पान एकशे बारा, मर्ल म्हणाली, सपशेल खोटं आहे.
आई आपल्याला हातसुद्धा लावत नसे, हिल्डा.
मी तिच्या पायाला मलम चोळत होते.
बोटं घोट्यावरच थांबली.
हिल्डा म्हणाली,
तू झोपलेली असायचीस.

तिला जाऊन आता दोन वर्षं झाली.
पुस्तक गावच्या वाचनालयात आहे,
स्थानिक इतिहास, खालून दुसरा कप्पा,
गुडघे टेकल्याशिवाय हाताला लागत नाही.
दोनदा गेले. दोनदा तेच पान काढलं.
छापील अक्षरांत ते इतकं तिचं दिसतं
की आपण काही दिलं होतं,
की नुसतं तिच्या तोंडचं उतरवलं,
मलाच सांगता येईना.

परवा निपाणीला अण्णूला फोन केला.
विचारलं, आई उलट्या हाताने जवळ घ्यायची, आठवतं?
तसलं काय नाही बघ, म्हणाला,
तिला कुठली गं सवड?
मागे त्याचा टीव्ही चालू होता, लाइन तुटक होती.
मी जरा मोठ्यांदाच बोलले,
तू झोपलेला असायचास.